बांगडीवालीची मागणी

गारखेड्यात आमच्या दारी एक बांगडीवाली यायची. नाव मी कधी विचारलं नाही. अंगठ्याचं मूळ दाबून ती हात असा मऊ करायची की बांगडी आपसूक सरकायची. तिची लेक कराचीला दिलेली.

दोन्ही देशांनी अणुबॉम्ब फोडून पाहिले, त्या उन्हाळ्यात शेजारीण तिच्यापुढं हात करून म्हणाली, "त्यांचा बॉम्ब वरच्या वर अडवणारं यंत्र आपण आणणार हाय. मग भ्याव कशाचं?"

"लई चांगलं, बाई. एक तिकडं बी देता का?"

"त्यांना कशाला?"

"माझी लेक ऱ्हाती तिथं. हात ढिला सोडा."

मला मागणी रास्त वाटली. शेजारीण मात्र एकच हात भरून उठली.