तांबी दारोदार थांबते

या, जरा सरकून जवळ बसा. आणि ती गडबड आधी बाजूला ठेवा बघू. पेपर हातात घेतला की मथळे बघायचे, फोटो बघायचे आणि चहा संपायच्या आत पान उलटायचं, अशी सवय लागलीय तुम्हा सगळ्यांना. समोरचं माणूस बोलत असतं आणि तुमचं लक्ष दाराकडं. आज तसं चालायचं नाही. आज मी माझ्या मैत्रिणीबद्दल, गोदाक्काबद्दल सांगणार आहे, आणि निम्मं ऐकून उठलेलं माणूस तिला अजिबात खपायचं नाही. हाताला धरून परत खाली बसवायची ती.

गोदाक्का गेली त्याला आता दीड महिना होत आला. ती गेल्याचं मला आधी कळलं ते तिच्या खेचरीमुळं... नातेपुत्याच्या पुढं डोंगराच्या पायथ्याला आमचं गाव. गोदाक्काचं घर वर, डोंगराच्या अंगावर, वरच्या वस्तीत. रोज सकाळी वस्तीतल्या सगळ्या घरांचं दूध किटल्यांत भरून ती खेचरीच्या पाठीवर लादायची आणि पायवाटेनं खाली डेअरीवर आणायची. खेचर म्हणजे घोडीच्या पोटी गाढवापासून झालेलं जनावर. हिचं नाव तांबी. डेअरी माझ्या घराला लागूनच, त्यामुळं दूध उतरवलं की गोदाक्का माझ्या ओट्यावर टेकायची. त्या दिवशी घुंगरं वाजली म्हणून मी चहाचं आधण ठेवलं. बाहेर येऊन बघते तर तांबी एकटीच उभी. किटल्या जागच्या जागी, दोर घट्ट बांधलेला, आणि मागं कुणी नाही. मी म्हटलं, बसली असेल कुणाच्या तरी दारात बोलत. आधण आटून गेलं... मग वस्तीवरून माणूस पळत आला. किटल्या बांधून झाल्यावर गोदाक्का घोटभर पाणी प्यायला अंगणात टेकली, ती टेकलीच. हाकाटी झाली, माणसं आपापल्या दारात येऊन एकमेकांना सांगू लागली, आणि त्या गलबल्यात तांबीकडं कुणाचं ध्यानच राहिलं नाही. ती आपलं दूध घेऊन खाली आली होती.

तांबी तिच्याकडं कशी आली, तीही एक मजाच. मेंढरं घेऊन हिंडणारं धनगरांचं एक कुटुंब दरसाल गोदाक्काच्या रानात उतरायचं. खत मिळावं म्हणून आमच्याकडं अशी मेंढरं रानात बसवतात. संसार लादायला त्यांच्याकडं एक घोडी होती, आणि तिचा त्यांच्यातल्या म्हाताऱ्या धनगराला लई अभिमान. त्या सालाला घोडी गाभण होती, तो येईल त्याला सांगायचा, शिंगरू काय निपजतंय बघाच. घोडी व्याली ती गोदाक्काच्याच रानात. सकाळी सगळे बघायला गेले तर शिंगराचे कान हे एवढाले! आदल्या साली त्यांचा तळ एका वीटभट्टीशेजारी पडला होता, आणि भट्टीवर गाढवं. म्हातारा डोक्यावरचा पटका काढून खाली बसला. म्हणाला, घोडीनं नाक कापलं, आता हे कान घेऊन कुठल्या गावातनं जाऊ? बायका तोंडाला पदर लावून हसत होत्या. गोदाक्का तेवढी वाकून त्या शिंगराचे पाय बघत होती. दुसऱ्या वर्षी धनगर परत आले तेव्हा शिंगरू दांडगं झालं होतं आणि चार माणसांना लाथा मारून आलं होतं. म्हाताऱ्यानं दोर गोदाक्काच्या हातात दिला आणि मागं न बघता निघून गेला.

गावानं नावं ठेवलीच. जाताना-येताना पारावरची माणसं विचारायची, "गोदाक्का, घोडं म्हनायचं का गाढव?" ती म्हणायची, "तुला काय सोयरीक करायची हाय का?" पुढं कुणी विचारायच्या फंदात पडलं नाही.

तेव्हा वरच्या वस्तीची तऱ्हा तुम्हाला सांगायला हवी. घरटी एखाद-दुसरी म्हैस, पण दूध खाली न्यायचं कसं? रस्ता नाही. डोक्यावर नेलं तर बाईची निम्मी सकाळ जायची आणि उन्हानं दूध नासायचं. पोरांनी मोटारसायकलला किटल्या बांधून बघितलं, तर उतारावर दोघांनी ढोपरं फोडून घेतली आणि दूध दगडांनी प्यालं. मग घरोघर दही लावायचं, तूप कढवायचं आणि उरलेलं वाटून टाकायचं. गोदाक्का म्हणाली, तांबीवरून नेते. तर वस्तीतले थोरले, तिचे चुलत सासरे, आडवे आले. गाढवाच्या जातीच्या पाठीवर दूध लादायचं? कोण पिणार ते? गोदाक्का डोक्यावरचा पदर सारखा करून, अगदी मर्यादेनं म्हणाली, "मामंजी, म्हशीच्या पोटातनं आल्यालं दूध आपन पितो न्हवं? मग तांबीच्या पाटीवरनं आल्यालं का नगं?" म्हाताऱ्याला हसू आवरेना. दुसऱ्या दिवशी पहिली किटली त्यांच्याच घरची आली.

आज वस्तीत जाऊन बघा, एका घरी पोरगी नर्सिंग शिकतीय, दुसऱ्या घरावर पत्र्याऐवजी स्लॅब आहे, आणि ज्या बायका पूर्वी साबणाच्या वडीसाठी नवऱ्याच्या तोंडाकडं बघायच्या त्या आता दुधाच्या पैशांतून स्वतः बाजार करतात. हे काही गोदाक्कानं एकटीनं केलं असं मी म्हणणार नाही, तिलाही ते आवडलं नसतं. म्हशी त्या बायकांच्या, कष्ट त्यांचे. पण मधली वाट होती ना, ती तांबीच्या पायांनी पार व्हायची. खाली येताना दूध, वर जाताना पेंड, रेशनचं पोतं, कुणाची औषधं, कुणाची शाळेची पुस्तकं. गॅसचा सिलिंडर न्यायचा असला की दुसऱ्या बाजूला तोल साधायला ती तेवढ्याच वजनाचा दगड घालायची. ते दगड वर साठत गेले आणि त्यातून वस्तीच्या देवळापुढं बसायला छान कट्टा झाला.

जनावराला जपायची मात्र जिवापाड. पाठीवरचं पालाण, म्हणजे ओझ्याखालची गादी, ती स्वतः शिवायची. आत लोकर, वर घोंगडं आणि त्याच्यावर जुनी सोलापुरी चादर. सांज झाली की पालाण काढून पाठीवरून हात फिरवायची, कुठं जरा कातडं तापलेलं लागलं की दुसऱ्या दिवशी दूध डोक्यावरून आणेल, पण तांबीला लादणार नाही. बेंदराला सगळ्यांचे बैल शिंगं रंगवून निघाले की हिची तांबीही रांगेत. कुणीतरी म्हणालं, हिला शिंगं कुठं हायत? तर हिनं कानांची टोकं हिंगुळानं रंगवली. "शिंगं न्हाईत तर न्हाईत, कान का कमी हायत?" म्हणाली. त्या वर्षापासून गावातली पोरंटोरं बैलांच्या आधी तांबीचे कान बघायला धावायची.

आता मूळ गोष्टीकडं येते... तेराव्याचं जेवण झालं आणि तिचा मुलगा दत्ता बोलायला बसला. दत्ता सोलापुरात कारखान्यात कामाला आहे. महिन्या-दोन महिन्यांनी येतो. पोरगा गुणी, त्याच्याबद्दल माझी तक्रार नाही. त्याचं म्हणणं असं, आई गेली, आता घर बंद करू, तांबी वीटभट्टीवाल्याला देऊ आणि सुवर्णाला घेऊन जातो. सुवर्णा त्याची बायको. ही पोर लग्न होऊन आली तेव्हापासून मी तिच्या तोंडून सलग चार वाक्यं ऐकली नव्हती. सासू अखंड बोलणारी, सून अखंड गप्प. गोदाक्का म्हणायची, आमच्या घरात दोघींचं मिळून बरोब्बर होतं. त्या दिवशी मात्र सुवर्णा भांड्यांवरचा हात न थांबवता म्हणाली, "दूध मी नेते की."

सगळे तिच्याकडं बघायला लागले. वस्तीतल्या बायका दाराबाहेर बसल्या होत्या, त्यांची पोटं यावरच. दूध थांबलं तर म्हशी विकाव्या लागणार, हे प्रत्येकीच्या चेहऱ्यावर दिसत होतं. दत्ता म्हणाला, नेशील गं, पण ती हलायला नको का? कारण खरी अडचण तीच होती. गोदाक्का गेल्यापासून तांबीनं काम टाकलं होतं. पहिल्या दिवशी एकटी खाली गेलेली ती, आणि नंतर कुणीही दोर धरला तरी शेजारच्या दारापर्यंत जायची आणि खुंटा रोवल्यागत उभी राहायची. ओढा, ढकला, हिरवा मका दाखवा... कान मागं पाडून उभी. शेवटी बायका दूध डोक्यावरून आणत होत्या, आणि किती दिवस आणणार?

मी रात्री वरच राहिले होते. सकाळी म्हटलं, मला खाली जायचंच आहे, तुमच्यासंगं येते. किटल्या बांधल्या. सुवर्णानं दोर धरला, दत्ता मागं काठी घेऊन. पहिलं दार येसूआजीचं. तिला डोळ्यांनी फारसं दिसत नाही. तिथं तांबी उभी राहिली. दत्तानं आधी दमानं घेतलं, मग काठी उगारली. सुवर्णानं वळून ती काठी त्याच्या हातातून काढून घेतली आणि कुडावर टाकली. एवढ्यात घुंगरांचा आवाज ऐकून येसूआजी भिंत धरत बाहेर आली.

"कोन हाय गं?"

"मी, आजी. सुवर्णा."

"सुवर्णा? तू बोलतीस व्हय गं?"

दत्तासुद्धा हसला. सुवर्णा लाजली, पण म्हातारी सोडते होय? तिनं विचारलं, म्हैस कधी व्यायची, खोकल्याचा काढा तूच केला होतास का तुझ्या सासूनं, त्यात आलं किती घातलं होतंस. सुवर्णा एकेक शब्द विहिरीतून पाणी शेंदल्यागत काढत होती. म्हातारी मग म्हणाली, "गोदी रोज हितं थांबायची बघ. लेक फोन करत न्हाय माजी... पन गोदी थांबायची." सुवर्णानं पुढं होऊन आजीचा हात हातात घेतला. म्हणाली, "आता मी थांबीन." आणि खरं सांगते, माझ्या डोळ्यांदेखत तांबीनं मान झटकली आणि चालू लागली. कुणी ओढलं नाही, कुणी हाकललं नाही.

पुढच्या दारातही तेच. थांबली, घरातली बाई बाहेर आली, चार शब्द झाले, निघाली. तिसऱ्या दारात मला उलगडा झाला आणि मी मधोमध वाटेत हसायला लागले. अरे, या जनावराला आयुष्यभर हेच काम ठाऊक! दूध न्यायचं म्हणजे दारात थांबायचं, बोलणं होऊ द्यायचं आणि मग पुढचं दार. गोदाक्का गेली त्या दिवशी प्रत्येक दारात माणसं उभी राहून बोलतच होती, म्हणून ती एकटी उतरली. नंतर जो तो तिला गप्प तोंडानं ओढत होता, ती कशाला हलेल? दत्ताला सांगितलं तर तो कपाळाला हात लावून म्हणाला, "मावशी, आई दूध घालायला जायची का गप्पा हानायला?" मी म्हटलं, "बाबा, तांबीला ते दोन येगळं हाय, हे कुनी सांगितलंच न्हाय."

खाली माझ्या ओट्याशी पोचलो तेव्हा दत्ता बराच वेळ तांबीच्या मानेवर हात ठेवून उभा होता. मग बायकोला म्हणाला, बघ, जमतंय का. वीटभट्टीवाल्याला त्यानं माझ्यासमोरच फोन करून नाही म्हणून सांगितलं. आता पंधरा दिवसांआड तो येतो, पालाणाची दोरी बदलतो, वाटेतले सुटलेले धोंडे बाजूला करतो. जाताना मला सांगून जातो, मावशी, लक्ष ठेवा.

लक्ष मी ठेवतेच. काल दुधाला बराच उशीर झाला. डेअरीतला माणूस घड्याळाकडं बघून कुरकुरायला लागला. मलाही काळजी वाटली, वाटेकडं डोळे लावून बसले. शेवटी एकदाची सुवर्णा आली. मी विचारलं, काय गं, एवढा वेळ? किटल्या उतरवता उतरवता म्हणाली, "काय करू मावशी, तांबी हालंनाच." मला पटलं. पण तिच्या मागोमाग वस्तीतली एक बाई बाजाराला उतरत होती, ती माझ्या कानाशी येऊन म्हणाली, "खोटं सांगतीया. तांबी तर दोर वडत हुती. हीच येसूआजीच्या दारातनं हालत न्हवती."

सुवर्णानं ऐकलं. दोघींकडं बघितलं आणि तोंडावर पदर घेऊन अशी हसली... मी चहा ओतला. कप हातात घेऊन ती वस्तीची एकेक बातमी सांगायला लागली, आणि मला मध्ये एक शब्द घालायला मिळाला नाही.

तर असं आहे बघा. एकदा या आमच्याकडं. नातेपुत्यावरून पुढं कुणालाही विचारा, वरच्या वस्तीची वाट दाखवतील. हातातली गडबड घरी ठेवून या, कारण त्या वाटेला लागलात की दर दारात थांबावं लागेल. आणि फार लांबवू नका हं, येसूआजी थकलीय. तिला नवं माणूस आलेलं लई आवडतं. लवकर या.