फूटभर कमी पडलेला जिना

एकतीस मजली कचेरीचा मनोरा उभा राहत होता, तेव्हा त्याचे जिने कागदावर उतरवायचं काम एका अठ्ठावीस वर्षांच्या बाईकडे होतं. वास्तुकाराच्या कचेरीत सगळे तिला ‘नकाशेबाई’ म्हणत. पारदर्शक कागदावर शाईच्या लेखणीने रेघा मारायच्या, आकडे घालायचे आणि चुकलंच तर दाढीच्या पात्याने शाई हलकेच खरवडायची. तिचा हात इतका सफाईदार, की थोरले साहेब तिचे कागद क्वचितच तपासत.

मनोऱ्याचे सगळे मजले एका उंचीचे होते, फक्त सातवा सोडून. तिथे माणसं बसणार नव्हती. पाण्याचे पंप, हवेची यंत्रं आणि मांडीएवढे जाड नळ यांच्यासाठी तो मजला दोन फुटांनी उंच ठेवला होता. बाहेरून पाहिलं, तर बिनखिडक्यांचा एक पट्टा दिसे. प्रत्येक मजल्याला जिन्याचे काँक्रीटचे दोन सारखे तुकडे; ते खाली जमिनीवर लाकडी साच्यांत ओतायचे आणि क्रेनने वर चढवायचे, अशी पद्धत. साचे करणारा सुतार पन्नाशीचा, तिरसट, पण हाताचा पक्का.

एका सकाळी सातव्या मजल्याचा पहिला तुकडा क्रेनने उचलला. खालचं टोक बरोबर बसलं, वरचं मात्र चांगलं फूटभर खालीच लोंबत राहिलं. काम थांबलं. साइटवरचा नकाशा चिखलाने बरबटून आकडे पुसट झालेले. मग काय, खापर सुताराच्या डोक्यावर फुटलं.

“आकडा वाचता येत नाही आणि साचे करतोय!” इंजिनियर सगळ्यांदेखत ओरडला.

“मी बारा पायऱ्या वाचल्या, बाराच केल्या,” सुतार म्हणाला. कुणी ऐकलं नाही. दुपारपर्यंत त्याने हत्यारांची पेटी उचलली.

कचेरीत ही बातमी आली आणि नकाशेबाई जागेवरून उठली. तिने खणातून मूळ कागद काढला. बारा! तिच्याच वळणदार अक्षरात. चौदा हव्या होत्या. इतर मजल्यांचा आकडा तिने सवयीने इथेही उतरवला होता. आजूबाजूला सगळे जेवायला गेलेले. पातं समोरच होतं. तिने दोन खरवडला, तिथे चार घातला, कागद खणात ठेवला आणि डबा न उघडताच परत नेला.

पुढचे दोन दिवसही तिचा डबा तसाच परत आला. “अगं, कुणी काही बोललं का?” वहिनीने विचारलं. तिने नकारार्थी मान हलवली; पण कुणी काही बोललं नव्हतं, हेच तर तिला खात होतं.

तिसऱ्या दिवशी तिने सुताराचा पत्ता शोधून काढला. तो एका शाळेची बाकं दुरुस्त करत होता. ती उभ्या उभ्याच सगळं बोलून गेली, पात्यासकट.

सुताराने रंधा थांबवला नाही. “मला कशाला सांगताय? मला माहीतच होतं मी चुकलो नाही. ज्यांच्यासमोर मला बोल लावले, त्यांना सांगा.”

दुसऱ्या दिवशी ती साइटवर गेली. इंजिनियर, थोरले साहेब, गवंडी, क्रेनवाला, सगळ्यांसमोर तिने कागद उलगडला. “चूक माझी आहे. आणि ती मी लपवली.” साहेबांनी कागद उजेडाकडे धरला. खरवडलेली जागा पातळ होऊन आरपार चमकत होती. मग त्यांनी तो गुंडाळून काखेत मारला. तिला वाटलं, झालं, आता घरी बसायचं.

सुताराला सन्मानाने परत बोलावलं. नकाशेबाईची लेखणी काढून घेतली. शिक्षा म्हणून तिला साइटवर पाठवलं: प्रत्येक साचा ओतण्याआधी मोजायचा, तोही त्याच सुताराबरोबर.

पहिला महिना तो आकड्यांपलीकडे एक अक्षर बोलला नाही. ती वाकून मोजायची, तो पुन्हा मोजायचा. मग एके दिवशी त्याने स्वतःची टेप गुंडाळून खिशात टाकली.

“तुमच्या अक्षरावर माझा विश्वास नाही,” तो म्हणाला. “टेपवर आहे. सांगा किती.”

ती हसली. कित्येक दिवसांनी. उन्हातान्हात तिचा रंग रापला, वहिनी कुरकुरली, पण तिला आता खुर्चीची आठवण येईना. कागदावरची रेघ शेवटी कुणाच्या तरी पायाखाली येते, हे तिला इथेच उमगलं.

दीड वर्षाने मनोऱ्याचं उद्घाटन झालं. पाहुणे लिफ्टने वर गेले. ही दोघं जिन्याने निघाली. विसाव्या मजल्यावर सुताराचे गुडघे बोलू लागले, सव्विसाव्यावर तिचे. गच्चीवर पोचल्यावर दोघं पाण्याच्या टाकीला टेकून धापा टाकत बसली. खाली रस्त्यापलीकडे नव्या इमारतीसाठी खड्डा खणत होते.

“कुणाचं काम आहे ते?” सुताराने विचारलं.

“माहीत नाही.”

“मग उद्या विचारून या. आणि साचे कोण करणार, तेही त्यांना सांगून ठेवा.”