आप्पांचा पांढरा डोळा

माझा धाकटा भाऊ दिग्विजय लंडनला शिकायला गेला आणि तिथलाच झाला. आधी दुसऱ्यांच्या शूटिंगवर पडेल ते काम केलं, मग स्वतः निर्माता झाला. बक्षिसं मिळाली, तसा चौथा सिनेमा त्यानं आमच्या वडिलांवर, आप्पांवर काढायला घेतला. त्यात तो स्वतःही होता.

आमच्या गावी, निरवांगीत आठवडाभर शूटिंग झालं, मग लंडनकडचं काहीतरी अडलं. आप्पांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन तेव्हा बारामतीत ठरलं होतं. दिग्विजय म्हणाला, "ताई, थांब जरा. तो पांढरा डोळाच तर सिनेमा आहे. दोन महिन्यांत येतो."

तीन वर्षं झाली. शूटिंगमध्ये होतं तसंच दिसायला हवं म्हणून घराला रंग नाही, आप्पांच्या अंगात तोच विटका निळा सदरा. दुसरा डोळाही पिकत चालला. आप्पा दर सणाला विचारायचे, "दिग्याला इचार की, आता डोळा करू का?" मी फोनवर भांडायचे. तो म्हणायचा, "आलोच." मग आप्पाच म्हणायचे, "ऱ्हाऊ दे. पोराचं काम अडायला नगं."

एक दिवस आप्पा उसाला पाणी द्यायला गेले आणि समोरची पाण्याची खोल चारी त्यांना दिसलीच नाही. पडले ते उठलेच नाहीत.

दहाव्याला नीरेकाठी दिग्विजय हजर. न्हावी दगडूतात्यांनी वस्तरा काढला, तसा तो डोक्यावर हात ठेवून मागं सरला. "ताई, केस नको. माझा एक शॉट राहिलाय."

"तात्या, चालवा वस्तरा," मी म्हटलं. "केस दोन महिन्यांत येतात."