गेटवरचा सावळेराम

पहारीचा पहिला घाव सावळेरामच्या उजव्या मनगटावर बसला. हाड मोडल्याचा आवाज आधी आला, कळ मागाहून. भर उन्हाळ्यातली दुपार, कालव्याच्या चारीवरचं लोखंडी गेट आणि समोर पहार घेतलेला गोरख. मागं त्याचे दोघं भाऊ.

"पाणी तोडतोस व्हय रं? माझी टमाटी जळाली!"

"सायबाचा आदेश हाय, भाऊ. खालच्या गावांची पाळी..."

दुसरा घाव बरगडीत बसला. सावळेराम आडवा झाला, पण गेटची चावी त्यानं पोटाखाली दाबून धरली. मग लाथा सुरू झाल्या. गोरखनं त्याला केसाला धरून फरफटत नेलं आणि त्याचं तोंड चारीत बुडवलं. एकदा, दोनदा. तिसऱ्यांदा वर काढलं तेव्हा पाणी लाल झालं होतं. तेवढ्यात भरावावर जीप दिसली आणि तिघं उसात पळाले.

सावळेराम डिंभ्याचा. तेवीस वर्षं कालव्यावर पाटकरी, तोही रोजंदारीवर. पाणी सोडायचं, तोडायचं, फुटलेला भराव बुजवायचा आणि दोन्ही बाजूंच्या शिव्या खायच्या. नोकरी सलग दिसू नये म्हणून दर काही महिन्यांनी चार दिवस त्याचं नाव हजेरीपटावरून उडायचं. काम मात्र त्या चार दिवसांतही चालूच. अखेर बारा पाटकऱ्यांनी मिळून कायम करण्यासाठी पुण्याच्या कोर्टात दावा लावला. त्यालाही सहा वर्षं होऊन गेली होती.

नारायणगावच्या दवाखान्यात पाटबंधारे खात्याचे साहेब स्वतः आले. कालव्यावर वचक बसावा म्हणून त्यांनी पोलिसांना सांगून फिर्याद कडक लिहवून घेतली : कर्तव्यावरच्या सरकारी कर्मचाऱ्यावर हल्ला. खाली स्वतःची सही केली.

लंकाबाई नवऱ्याच्या उशाशी बसली होती. "आज सरकारी झालं व्हय हे?" तिनं विचारलं. साहेब जीपकडं निघाले.

दोन महिन्यांनी तेच साहेब पुण्याच्या कोर्टात उभे राहिले. "हा इसम आमच्या आस्थापनेवर नाही. गरजेपुरता कधी बोलावला असेल." त्याच आठवड्यात जुन्नरच्या कोर्टात गोरखच्या वकिलानंही तेच म्हटलं : मार खाणारा सरकारी नोकरच नव्हता, मग हे कलम लागतंच कसं?

दुसऱ्या दिवशी सकाळी सावळेराम कोयता घेऊन गोरखच्या रानात गेला. उजवा हात वाकडाच जुळला होता, म्हणून कोयता डाव्या हातात होता. गोरख वाळलेले टमाट्याचे वेल उपटत होता.

"सांग, कोण हाय मी?"

गोरख मागं सरकला. "पाटकरी."

"कवापास्नं?"

"माझ्या लग्नाच्या आधीपास्नं. माझा बाप बी तुला शिव्या द्यायचा."

"मग कोर्टात का न्हाई बोलत?"

"बोललो तर मी आत जाईन ना, राव!"

सावळेरामनं कोयत्याची बोथट बाजू त्याच्या खांद्यावर घातली. गळ्याजवळचं हाड कडकन मोडलं. गोरख ओरडत सरीत कोसळला. सावळेरामनं अजून एक घाव गुडघ्यावर घातला, मग तिसरा. हात दुखायला लागला तेव्हाच तो थांबला.

गोरखनं दवाखान्यातनं फिर्याद दिली. रागाच्या भरात सगळं सांगून बसला : तेवीस वर्षं आमच्या चारीवर नोकरीला असलेला पाटकरी सावळेराम यानं मला जिवे मारण्याचा प्रयत्न केला.

पाटकऱ्यांच्या वकील प्रतिभाताईंनी दोन्ही फिर्यादी पुण्याच्या कोर्टापुढं ठेवल्या. एकीवर साहेबांची सही, दुसरीवर गोरखची. दिवाळीच्या आधी निकाल लागला : बाराही जणांना कायम करा.

अकरा जणांना नेमणुकीचं पत्र मिळालं. सावळेरामचं अडवून ठेवलं. त्याच्यावर गुन्हा दाखल आहे, तो खटला संपेपर्यंत थांबा, असं कळवण्यात आलं. जुन्नरला तारखा पडतात. गोरख काठी टेकत येतो, सावळेराम वाकडं मनगट घेऊन. कुणी कुणाकडं बघत नाही.

एका तारखेवरून परतल्यावर तो ओट्यावर बसला. "लंके, त्याला मारल्याचं मला वाईट वाटत न्हाई बग. वाटाया पायजे व्हतं."

लंकाबाई त्याच्या मनगटाला तेल चोळत होती. तिचा हात थांबला.

"मला वाटतंय," ती म्हणाली. "त्याची बायको दवाखान्यात खाली फरशीवर बसून व्हती. मी बगितलंय तिला."

सावळेरामनं हात काढून घेतला.