झोपलेला सोनकिडा

सत्त्याऐंशी-अठ्ठ्याऐंशीची गोष्ट. मी सोनगीरजवळच्या एका खेड्यात कृषी सहायक होतो आणि बायको जळगावला शाळेत शिकवायची. चार वर्षांची लेक आईजवळ. पंधरा दिवसांनी मी घरी जायचो, तेव्हा ती आईच्या पदराआडून मला न्याहाळायची. उचलून घेतलं की अंग आखडायची. बायको म्हणायची, लहान आहे, होईल सवय. कसली डोंबलाची सवय! पोटच्या पोरीला बापाची सवय लावायची म्हणजे काय? तिथं राग यायचा आणि खोलीवर परतलो की रडू यायचं. सांगणार कुणाला?

श्रावणात बांधावरच्या बाभळींवर सोनकिडे आले. निळसर हिरवे, घासूनपुसून ठेवल्यासारखे चकचकीत. शेजारच्या शेतातल्या आबांनी एक पकडून माझ्या तळहातावर ठेवला. काडेपेटीत ठेवून बाभळीचा पाला घालत राहिलं की आठ-पंधरा दिवस मजेत राहतो, तांदळाच्या दाण्यांसारखी अंडीसुद्धा घालतो, असं त्यांनी सांगितलं. वर म्हणाले, "पोरले ली जा भाऊ, खूश व्हई जाई."

मी हरखलोच. शनिवारी काडेपेटी पिशवीत ठेवून निघालो, धुळ्याला एसटी बदलली. पारोळ्यापर्यंत पेटी कानाला लावली की आतली खसखस ऐकू यायची. पुढे ती थांबली. झोपला असेल म्हटलं.

घरी मोरीत जाऊन पेटी उघडली, तर किडा पाय आखडून निपचित. पिशवीच्या तळाशी बीएचसी या कीटकनाशक पावडरची पुडी होती, शेतकऱ्यांना दाखवायला नेहमी असायची ती. कोपरा फाटून पावडर सगळीकडे सांडली होती. पावडर खाण्यापिण्याच्या वस्तूंपासून लांब ठेवा, असं गावोगाव घसा फोडून सांगणारा मीच. लोका सांगे ब्रह्मज्ञान! किडा नळाखाली धुतला, पुसला, दुसऱ्या काडेपेटीत ठेवला. चकाकी तशीच होती.

"झोपलाय," मी लेकीला सांगितलं.

रविवारभर ती माझ्या मांडीला टेकून बसली. असं पहिल्यांदाच घडत होतं. तो जागा झाला की खाईल म्हणून तिनं मेथीची पानं आणली, तुळशीचं पान आणलं, भांडी वाजली की आईला गप्प केलं. माझ्या पायाला मुंग्या आल्या, पण मी हललो नाही. खरं सांगायला दहादा तोंड उघडलं आणि दहादा मिटलं. एवढं सुख हातचं घालवायची माझी छाती झाली नाही.

दुपार कलल्यावर मी पिशवी उचलली. ती आपणहून दारापर्यंत आली आणि काडेपेटी माझ्यापुढे धरली.

"हा इथं काहीच खात नाही. ह्याला तुमच्या घरी घेऊन जा."

बायकोनं तोंड फिरवलं. मी बरं म्हणालो आणि काडेपेटी घेतली.