सुमनने माझ्यासाठी थांबवलेलं पान

दुपारी चारला बेल वाजली. सुमनच असणार म्हणून मी चहाचं आधण ठेवून दार उघडलं. दारात वैशाली, सुमनच्या कंपनीतली बाई. तिच्या हातात सुमनचा डबा. "आजी, आधी खाली बसा," म्हणाली. मी म्हटलं, "बसत नाही. काय झालं ते सांग." महाळुंग्याहून पहिल्या शिफ्टची बस सुटली तेव्हा सुमन खिडकीशी बसली आणि तिनं डोळे मिटले. सगळ्यांना वाटलं, झोपली. चिंचवडला वैशालीनं खांद्याला हात लावला, "ताई, उठा, आपला स्टॉप आला"... ती उठली नाही. डॉक्टर मागाहून म्हणाले, हृदय बंद पडलं. एकोणपन्नास वर्षांची होती. डबा रिकामा होता, धुतलेला. ती कंपनीतच धुऊन आणायची, मला काम नको म्हणून. त्याला आता सात आठवडे झाले. मला रडू येत नाही असं शेजारचे म्हणतात. येतं. भांडी घासताना येतं, नळ सोडला की.

सुमन माझी एकुलती एक. आम्ही नगरकडचे ख्रिस्ती. तिचे वडील पिंपरीला कंपनीत लागले म्हणून इकडे आलो. ते गेल्यावर आम्ही दोघीच. तिनं लग्न केलं नाही. का, ते मी विचारलं नाही. नोकरी तपासणी खात्यात. मशीनवरून आलेला पार्ट गेजमध्ये बसला तर पास, नाही बसला तर रिजेक्ट. चाळिशीत तिच्या डोक्यात इतिहास शिरला. पोस्टानं पुस्तकं मागवून एम.ए. झाली आणि या कारखान्यांच्या पट्ट्यातल्या ख्रिस्ती लोकांवर पुस्तक लिहायला बसली. रविवारी सकाळी आमच्या देवळात, मग दिवसभर दुसऱ्यांच्या. मल्याळी लोकांचीच इथे चार तऱ्हेची देवळं. तमिळ वेगळे, गोव्याचे वेगळे, वसईचे वेगळे. निघोज्यात झारखंडची पोरं भाड्याच्या खोलीत मांदर, म्हणजे त्यांचा ढोल, वाजवून भजन म्हणतात आणि पुनरुत्थानाच्या दिवशी उजाडायच्या आधी कबरस्तानात मेणबत्त्या घेऊन जातात. तेही तिनं जाऊन लिहून आणलं. मी म्हणायचे, "सगळे येशूचेच ना? मग एका देवळात बसायला काय होतं?" ती म्हणायची, "आई, तुम्ही चौघी बहिणी एका आईच्या. चौघींचं कालवण एका चवीचं होतं का?" "माझंच चांगलं होतं," मी म्हणायचे. "तेच तर सगळे म्हणतात," म्हणून हसायची.

आमच्या घराण्याचं प्रकरण पुस्तकात पहिलं घालायचं असं तिनं ठरवलं होतं. माझे आजोबा सखाराम ख्रिस्ती कसे झाले ते, त्यांनीच घरात सांगितलं तसं, मी लहानपणापासून सांगत आले. रानात साप चावला, कुणी तरी हाक मारली, "ऊठ, सखाराम," आणि ते उठले. उठले ते थेट मिशनच्या दारात जाऊन उभे राहिले. ही गोष्ट मी मंडळीत उभी राहून कितीदा सांगितली असेल. का, तेही सांगते. शाळेत पोरी मला म्हणायच्या, "भाकरीसाठी बाटलेले." एकदा बाईंसमोर म्हणाल्या आणि बाई हसल्या. चौथीनंतर मी शाळेत गेले नाही. पुढे नळावरही ऐकलं. त्या प्रत्येकीला मी सापाची गोष्ट सांगितली. दुसरं उत्तर माझ्याजवळ नव्हतं.

दोन वर्षांपूर्वी सुमन रजा टाकून आमच्या मूळ गावच्या देवळात गेली आणि जुनं रजिस्टर बघून आली. जेवताना तिनं झेरॉक्स पुढे ठेवली. सखाराम मोठ्या दुष्काळात बायकापोरांसकट मिशनच्या अन्नछत्रात आला. चार महिने तिथे जेवला. मग बाप्तिस्मा घेतला. साप नाही, हाक नाही. मी म्हटलं, "चूक असेल. दुसरा सखाराम असेल." ती म्हणाली, "बापाचं नाव तेच, गाव तेच, बायकोचं नाव तेच. तीन ठिकाणी ताडून बघितलं." माझं डोकं फिरलं. "तुझा पणजोबा म्हणजे काय कंपनीतला पार्ट आहे का, रिजेक्ट करायला?" तर शांतपणे म्हणाली, "पणजोबा पास आहे गं. गोष्ट रिजेक्ट आहे."

मी ताट सरकवलं. ती म्हणाली, "आई, थांब, पुढचं पान ऐक तरी." मी ऐकलं नाही. "मी मेल्यावर छाप. तोवर नाही," असं म्हणाले. तिनं झेरॉक्स उचलली आणि "बरं," म्हणाली. एवढंच.

तीन आठवडे मी तिच्याशी बोलले नाही. मग बोलायला लागलो, पण त्या विषयावर नाही. बाकीचं पुस्तक टाइप होऊन तयार होतं. पाळकसाहेब विचारायचे, "सुमनताई, कधी छापायचं?" ती सांगायची, "एक पान राहिलंय." माझ्यासमोर सांगायची आणि माझ्याकडे बघायची नाही. मी अठ्ठ्याहत्तर वर्षांची. मला वाटलं, फार दिवस थांबावं लागणार नाही तिला. पाळी माझी होती... तीच आधी गेली.

तिच्या वह्यांना मी हात लावला नाही. उत्तम शुक्रवारच्या आदल्या दिवशी संध्याकाळी समोरच्या फ्लॅटमधली अन्नम्मा आली. ती केरळची, तीस वर्षं इथे आहे, मराठी तिच्या पद्धतीनं बोलते. हातात झाकलेलं ताट आणि छोटं पातेलं. त्यांच्यात त्या दिवशी घरोघरी तांदळाची, बिनखमिराची भाकर करतात. वर झावळीचा क्रूस ठेवतात, घरातला मोठा माणूस ती मोडून सगळ्यांना देतो. सोबत नारळाचं गुळाचं दूध. "आजी, ज्या घरात वर्षात कोणी मेला, त्या घरात ही करत नाही," अन्नम्मा म्हणाली. "शेजारी आणून देतो. तुमी घ्यायचा."

मी म्हटलं, "अगं, आमच्यात ही रीत नाही."

"तुमच्यात नाही. सुमनच्यात होता. सात वर्ष ती या दिवशी आमच्या घरात बसला. वहीत लिवला, मग खाल्ला. आज कोण खाणार?"

मी ताट घेतलं. भूक नव्हती. दोघींनी उभ्याउभ्याच खाल्ली. अन्नम्मा रडत होती, मला म्हणाली, "दूध घाला, कोरडा लागतो." ती गेल्यावर मला बघावंसं वाटलं की हिच्या भाकरीबद्दल सुमननं लिहिलंय तरी काय. म्हणून पहिल्यांदा तिच्या टेबलाशी बसले आणि वही काढली. माझं वाचन सावकाश. अन्नम्माचं सापडायच्या आधी सखाराम सापडला. सुमन म्हणत होती ते पुढचं पान. ते बाप्तिस्म्याच्या रजिस्टरमधलं नव्हतं, पुरण्याच्या रजिस्टरमधलं होतं. सखाराम अन्नछत्रात आला तेव्हा सात माणसं होती. बाप्तिस्मा पाच जणांचा झाला. मधल्या चार महिन्यांत दोन लेकरं तिथेच पुरली. भागी, वय तीन. दुसऱ्याला नावच नाही, वय सहा महिने. खाली सुमननं लिहिलं होतं, उशीर झाला होता, मिशनच्या अन्नानं ही दोन वाचली नाहीत. तरी सखाराम तिथेच राहिला, कारण ज्यांनी जेवायला घातलं त्यांनीच खड्डे खणायला हात लावला.

हे ती मला जेवताना सांगत होती. आणि मी ताट सरकवलं होतं.

आजोबांनी सापाची गोष्ट का सांगितली असेल ते मला आता कळतं. पोटची दोन पोरं उपाशी गेली, हे कुठला बाप उभा राहून सांगेल? त्यांची दोन गेली. माझी एक. मी तिला पोटभर वाढलं, पण तिचं एक पान ऐकलं नाही.

म्हणून इथे लिहिते. माझे आजोबा सखाराम भाकरीसाठी मिशनच्या दारात गेले. लेकरं उपाशी होती, म्हणून गेले. ज्यांना हसायचं त्यांनी हसावं. पुस्तक छापायला मी पाळकसाहेबांना सांगितलं आहे, पहिल्या प्रकरणासकट.

सुमनच्या वहीतल्या त्या पानावर एक पिवळं लेबल चिकटवलेलं आहे. ज्या पार्टचा निर्णय झालेला नसतो त्याला कंपनीत असं लेबल लावतात. त्यावर होल्ड, म्हणजे थांबवलेला, असं छापलेलं असतं आणि खाली सहीची जागा. सही झाली की पार्ट पुढे जातो. काढून टाकावं म्हणून मी ते नखानं उचकटून बघितलं. कागद फाटायला लागला, तसं सोडून दिलं. मग तिचाच पेन घेतला आणि त्या रेघेवर माझं नाव लिहिलं.