पागेतला देव

गडाचं नाव मी सांगणार नाही. परतवाड्याच्या पुढे सातपुड्यात आहे, धारणीकडे जाणारा रस्ता एका वळणावर सोडावा लागतो, एवढं तुम्हाला पुष्कळ झालं. नाव लपवण्यात माझा काही मोठेपणा नाही. एका दगडाच्या सुरक्षेचा प्रश्न आहे, आणि एका संसाराच्याही.

सहलीची जाहिरात मोबाइलवर आली ती अशी: 'अपरिचित गड, अनवट वाट, एक दिवस. तज्ज्ञ मार्गदर्शक. सहभागींना प्रमाणपत्र.' पन्नाशीला टेकलेल्या बाईला डोंगर चढल्याचं प्रमाणपत्र मिळतं, हे वाचून मी हरखलेच. शाळेत धावण्याच्या शर्यतीतून मला पंचांनी हाताला धरून बाहेर काढलं होतं. तो डाग आता धुऊन निघणार होता.

तज्ज्ञ मार्गदर्शक म्हणजे अमरावतीच्या राजापेठेतले एक सर. आठवडाभर स्पर्धा परीक्षेच्या मुलांना इतिहास शिकवायचे आणि रविवारी टोपी घालून, गळ्यात शिट्टी अडकवून आमच्यासारख्यांना डोंगरावर न्यायचे. माणूस प्रामाणिक. फक्त कुठलीही गोष्ट त्यांना चार पर्यायांशिवाय दिसत नसे. डिसेंबरच्या थंडीत गाडी अमरावती सोडते न सोडते तोच ते उठून उभे राहिले. "चहा कुठे घ्यायचा? पर्याय एक, आसेगाव. दोन, परतवाडा. तीन, वरील दोन्ही. चार, यापैकी नाही." गाडीने एकमुखाने तीन म्हटलं. सरांनी शाबासकी दिली. माझ्या शिक्षणाच्या सगळ्या वर्षांत मला इतक्या स्वस्तात शाबासकी मिळाली नव्हती.

पण मी काही इतिहासासाठी गेले नव्हते. मी गेले होते शेजाऱ्यांसाठी.

आमच्या शेजारचे भाऊ वीज कंपनीतून निवृत्त झाले. निवृत्त माणसं भाजी आणतात, पेपर पाठ करतात, सुनेच्या स्वयंपाकात लक्ष घालतात. भाऊंनी कुलदैवत शोधायला घेतलं. त्यांचे पूर्वज कधीतरी डोंगरातून खाली काळ्या मातीत उतरले आणि उतरताना देव वरच राहिला. बिऱ्हाड हलवताना होतं असं. आमचा पाटा असाच राहिला होता. पुढे एका ज्योतिष्याने भाऊंना सांगितलं की घरातल्या सगळ्या कटकटी या उपाशी देवामुळे आहेत. इन्व्हर्टर जळतो, मुलगा फोन उचलत नाही, वहिनींचे गुडघे वाजतात, सगळं त्याच्याच नावावर. खूण मात्र एकच होती, आत्याने जाता जाता सांगितलेली: डोंगरात, पाण्याजवळ, भोक असलेला दगड.

आता वऱ्हाडात भोक नसलेला दगड शोधा म्हटलं असतं तर जरा तरी कष्ट पडले असते. जात्याला भोक, विहिरीवरच्या दगडाला भोक, बैल बांधायच्या दगडाला भोक. सुट्टी आली की भाऊ गाडी काढत, वहिनी तिखट-मिठाच्या पुऱ्या तळत, आणि मागच्या सीटवर मी, कारण फुकटची करमणूक मला सोडवत नाही. एकदा शेंदूरजनाघाटाजवळच्या एका बागेत भाऊंनी विहिरीच्या दगडापुढे लोटांगण घातलं. बागवाल्याला वाटलं, संत्री चोरणारा माणूस चाहूल लागून आडवा झाला. तो काठी घेऊन धावत आला. सगळी हकीकत ऐकल्यावर त्याने आम्हाला थैलीभर संत्री दिली, आणि मग आम्ही जाईपर्यंत काठी काही खाली ठेवली नाही.

वहिनींना समुद्र पाहायचा होता. लग्न झाल्यापासून, एवढी एकच हौस. "पान्यात पाय टाकून उभं राहाचं ताई, बस. दुसरं काही नाही मांगत मी." पण भाऊंच्या घरचा नेम असा की कुलदैवताला जाऊन आल्याशिवाय हौसेच्या प्रवासाला निघायचं नाही. कुलदैवताचा तर पत्ताच नाही. म्हणजे वहिनींचा समुद्र एका दगडाने अडवून धरला होता. देव सापडला की लगेच कोकण, असा भाऊंचा शब्द होता. त्या दिवशी वहिनी दोन्ही गुडघ्यांना पट्टे बांधून डोंगर चढत होत्या, त्या देवासाठी नव्हे.

आमच्यात अकोल्याचे एक गृहस्थ होते. गड दिसायच्या आधीच त्यांनी निकाल दिला, "आमच्या नरनाळ्याची मजा नाही याच्यात." बुरूज दिसला, ते म्हणाले, नरनाळ्याचा मोठा आहे. ऊन लागायला लागलं, ते म्हणाले, हे काय ऊन, ऊन अकोल्याचं. त्यावर वहिनी दम खाता खाता म्हणाल्या, "तुमचं ऊन तुमाले लखलाभ भाऊ, इकडे नोका आनू."

पडक्या दरवाजाशी सरांनी शिट्टी फुंकली. "कमानीवर कोणता प्राणी कोरला आहे? पर्याय एक, सिंह. दोन, शरभ. तीन, हत्ती. चार, सांगता येत नाही." दगड इतका झिजला होता की मी मनापासून चार म्हटलं. उत्तर दोन निघालं. शरभाला ते माहीत असावं, अशी मी आशा केली.

मग सर म्हणाले, वर पाण्याचं टाकं आहे, बारा महिने पाणी असतं. 'पाणी' ऐकताच भाऊंनी पिशवी छातीशी धरली आणि ते दिसेनासे झाले. त्या पिशवीत काय असतं ते मला ठाऊक होतं: शेंदूर, तेल, उदबत्ती आणि एक नारळ.

आम्ही मागून रखडत होतो, तेव्हा सर सांगत होते, "ही समोरची सपाटी म्हणजे गडाची पागा. टाक्यापासून एका रांगेत दगड रोवलेत बघा. प्रत्येकाला वर भोक आहे. भोकातून दोर ओवायचा आणि घोडा बांधायचा."

वहिनी जागच्या जागी थांबल्या. मी थांबले. आणि वरून भाऊंची आरोळी आली, "सापडला!"

पाहतो तर भाऊ टाक्याच्या काठावर, रांगेतल्या पहिल्या दगडापुढे पालथे. तिथून पुढे घाणेरीच्या झुडपांतून दुसरा दगड, तिसरा, चौथा, सगळे तसेच, सगळ्यांना तेच भोक. भाऊंनी उठून मान वळवायचा अवकाश, की त्यांना एकदम पाच-सहा कुलदैवतं दिसणार होती.

वहिनींनी मग जे केलं ते मी रंगमंचावरही पाहिलेलं नाही. दुखऱ्या गुडघ्यांनी त्या तरातरा चालत दुसऱ्या दगडापाशी गेल्या आणि त्याला पाठ लावून, पदर पसरून, काट्यांतच फतकल मारून बसल्या. गुडघे असे वाजले की सरांना वाटलं फांदी मोडली. मला डोळ्यांनीच खूण झाली. मी तिसऱ्यावर जाऊन बसले. चौथ्याकडे अकोल्याचे गृहस्थ निघाले होते, तोंड उघडून. "हे तं घोड्याचे..."

"भाऊ!" वहिनींनी त्यांच्या हातात संत्रं दिलं. "बसा न जी तिथं. सोलून खा. अकोल्याले भेटते का असं?"

प्रश्न अकोल्याच्या इभ्रतीचा झाल्यावर ते बसले आणि फोडी तोंडात टाकून टाकून गोडी तपासू लागले. बाकीच्यांना वाटलं, जेवणाची वेळ झाली. तेही जिथे दगड दिसला तिथे टेकले. पाहता पाहता सगळी पागा माणसांनी झाकून गेली. एवढी भरलेली ती घोड्यांच्या काळातही नसेल.

भाऊ उठले. डोळे पुसले. पिशवीतून शेंदूर काढला, तशी सरांनी जीव खाऊन शिट्टी वाजवली. "हात लावू नका! पुरातन वारसा आहे!"

"सर," भाऊ हात जोडून म्हणाले, "तुमी जानकार मानूस. एकदा सांगा. हा देव हाय का नाही?"

सरांनी तोंड उघडलं, तेवढ्यात वहिनींनी बसल्या जागेवरून त्यांना जवळ बोलावलं. पुढचं बोलणं माझ्या कानाजवळच झालं.

"सर, देव हाय म्हना."

"ताई, ते चुकीचं उत्तर आहे."

"मंग काय मार्क कापतात का इथं?"

"तुमचे नाही कापत. माझे कापले जातात." सर खरंच व्याकूळ झाले होते.

"बरं. नाही म्हना मंग. हे ऐकनार नाहीत, सांगून ठेवते. पुढच्या रविवारी पुरावा घेऊन येतीन, संग चुलतभाऊ आनतीन. चुलतभाऊ लय हायेत त्याइले. ते टिनाचं शेड टाकतीन, भोंगा लावतीन. आनि आज हो म्हनसान, तं त्या दगडाले शेंदराचं बोट लागू देनार नाही मी. माही जबाबदारी. मले फक्त समुद्र पाहाचा हाय, सर."

सरांच्या डोळ्यांपुढून टिनाचं शेड आणि भोंगा गेलेला मी पाहिला. ते भाऊंकडे वळले, टोपी नीट केली आणि आयुष्यात पहिल्यांदा एकही पर्याय न देता म्हणाले, "देव." मग घाईने, "पण याला शेंदूर चालत नाही. नारळही फोडत नाहीत."

"काहून?" भाऊंनी विचारलं. सर गडबडले.

"आत्यानं शेंदराचं नाव घेतलं होतं का?" वहिनींनी दम भरला.

"नाही."

"मंग?"

भाऊंनी शेंदूर पिशवीत ठेवला. हात जोडले, डोळे मिटले, आणि नारळ तसाच परत घेतला. अकोल्याच्या गृहस्थांनी शेवटची फोड गिळून जाहीर केलं की संत्रं बरं आहे.

उतरताना वहिनी पुढे होत्या. मी तुम्हाला सांगते, त्या गुडघ्यांचा आवाज बंद झाला होता. भाऊ मागे रेंगाळून माझ्या बरोबरीने आले.

"ताई, एक सांगू? तिले सांगू नोका."

"सांगा न भाऊ."

"मी जिंदगीभर विजेचे खांब उभे केले. एका ओळीत, सारख्या अंतरावर गाडलेली वस्तू मले दिसत नाही का? पालथा पडलो तवाच बाजूनं सगळी लाइन दिसली मले."

मी चालता चालता थबकले. "मग सरांना विचारलं कशाला?"

"मी सोता म्हटलं असतं तं तिनं इश्वास ठेवला नसता. मी तं नाहीच म्हननार होतो, पुढचा डोंगर पाहू म्हननार होतो. पन ते घानेरीच्या काट्यात बसली न, तवा तिचे गुडघे मले टाक्यापर्यंत ऐकू आले." ते थोडं चालले. "बस झालं म्हटलं आता. सापडला."

"आणि आत्याची खूण?"

"आत्याले जातंच आठवलं असन," भाऊ म्हणाले. "भोळी होती."

खाली सरांनी प्रमाणपत्रं वाटली. भाऊंना देताना त्यांची नजर जमिनीवर होती. आपण या माणसाला फसवलं याचं ओझं त्या बिचाऱ्याला अजून वाहावं लागत असेल. वहिनींना वाटतं, आपण नवऱ्याला गुंडाळलं. नवऱ्याला वाटतं, आपण बायकोला. दोघंही इतके खूश आहेत की मध्ये तोंड उघडायची माझी हिंमत होत नाही, आणि माझं तोंड बंद राहिल्याचा हा बहुधा एकमेव प्रसंग.

जानेवारीत ते कोकणात गेले. निघताना भाऊंच्या हातात तीच पिशवी. देवापुढे नेलेला नारळ घरी फोडायचा नाही, असा त्यांनी ऐन वेळी नेम काढला. तो समुद्राला वाहायचा होता. आख्ख्या वऱ्हाडातून कोकणात नारळ घेऊन जाणारी माणसं म्हणजे हीच दोन असावीत.

संध्याकाळी वहिनींचा फोन आला. वारा इतका, की आधी मला एक शब्द कळेना.

"ऐकू येऊन राह्यला का ताई, समुद्र?"

"येतोय. भाऊ कुठे आहेत?"

"नारळ टाकून राह्यले. तिसऱ्यांदा!" त्या ओरडून हसत होत्या. "टाकला की लाट आनून देते वापस. हे म्हनतात, घेत काहून नाही? मी म्हटलं आवो, त्याच्या घरी काय कमी हाय का नारळाची!"